घर, जमीन आणि उद्याचा भाव

(शताब्दी व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



ग्रंथालयाच्या शताब्दीनिमित्त साहित्य, नाट्य किंवा संगीत यांपैकी एखाद्या विषयावर बोलणे रीतीला धरून झाले असते. कार्यकारिणीने विषयाची निवड माझ्यावर सोपवली आणि मी जमिनीच्या भावाचा रूक्ष विषय निवडला, याचे काहींना नवल वाटले असेल. म्हणून निवडीमागचे कारण आरंभीच सांगतो. ग्रंथालय कपाटांवर चालत नाही, ते वाचकांवर चालते. आणि वाचक म्हणजे संध्याकाळी पायी येता येईल एवढ्या अंतरावर बारमाही राहणारा माणूस. ज्या गावात शिक्षकाला, परिचारिकेला, पंचायतीच्या कारकुनाला घर विकत घेता येत नाही आणि भाड्यानेही मिळत नाही, त्या गावातली शाळा हळूहळू रिकामी होते, भजनी मंडळाला माणसे मिळेनाशी होतात आणि ग्रंथालयाची वर्गणीदारांची यादी आखडत जाते. आपल्या गोमंतकात ही प्रक्रिया आज डोळ्यांसमोर चालू आहे. तिची कारणे शांतपणे समजून घ्यावीत, एवढाच आजचा हेतू आहे.

प्रथम ‘सट्टा’ या शब्दाचा अर्थ निश्चित करू. जमीन घेणे, तिच्यावर घर बांधणे आणि योग्य नफा घेऊन ते विकणे हा व्यापार होय. त्यात निंद्य असे काही नाही. परंतु जमिनीचा किंवा घराचा कोणताही उपयोग न करता, केवळ उद्याचा खरेदीदार आजच्यापेक्षा अधिक भाव देईल या अपेक्षेवर ती अडकवून ठेवणे हा सट्टा. दोहोंतला फरक एका साध्या हिशेबाने स्पष्ट होतो.

समजा, एका सदनिकेची किंमत ८० लाख रुपये आहे आणि तिचे भाडे दरमहा २० हजार रुपये येते. वर्षाचे भाडे २ लाख ४० हजार, म्हणजे किमतीच्या शेकडा ३ झाले. गृहकर्जाचे व्याज शेकडा साडेआठ धरले, तर कर्ज काढून ही सदनिका घेणारा दरवर्षी शेकडा साडेपाचांची तूट सोसतो. देखभाल आणि कर यांचा खर्च वेगळाच. शहाणा माणूस ही तूट का पत्करतो? ८० लाखांचे काही वर्षांत एक कोटी, सव्वा कोटी होतील, अशी त्याची खात्री असते म्हणून. म्हणजेच या किमतीचा मोठा भाग राहण्याच्या सोयीचा नसून अपेक्षेचा आहे.

आता हाच हिशेब राहणाऱ्याच्या बाजूने मांडू. दरमहा ६० हजार मिळवणारे एक कुटुंब आहे. खाणेपिणे, शिक्षण, औषधपाणी भागवून ते फार तर २४ हजारांचा हप्ता देऊ शकेल. वीस वर्षांच्या मुदतीत वरील व्याजदराने कर्जाच्या प्रत्येक लाखामागे सुमारे ८६८ रुपये हप्ता पडतो. त्यामुळे या कुटुंबाला साडेसत्तावीस लाखांच्या आसपास कर्ज झेपेल. ८० लाखांच्या सदनिकेसाठी त्याने पदरचे १६ लाख भरले, तरी उरलेल्या ६४ लाखांचा हप्ता साडेपंचावन्न हजारांवर जातो. महिन्याचा पगार तिथेच संपला! गुंतवणूकदार अपेक्षेची किंमत मोजतो, आणि राहणाऱ्याला तीच किंमत पगारातून मोजावी लागते. दोघे एकाच बाजारात उभे असले तरी ही बरोबरीची स्पर्धा नव्हे.

ही वाढलेली किंमत विटा-सिमेंटची नाही, हेही लक्षात घ्यावे. सिमेंट, लोखंड आणि गवंड्याची मजुरी बार्देशात एक आणि सांग्यात अगदी दुसरीच, असे नसते. तरीही दोन्हीकडच्या घरांच्या किमतींत फार मोठे अंतर आहे. ते अंतर जमिनीचे होय. अमेरिकन विचारवंत हेन्री जॉर्ज यांनी १८७९ साली प्रसिद्ध केलेल्या आपल्या ग्रंथात हाच सिद्धांत आग्रहाने मांडला होता. रस्ता होतो, पूल होतो, वस्ती वाढते, त्यामुळे जमिनीचे मोल चढते. ते मोल समाजाने निर्माण केलेले असते, पण पडते मात्र मालकाच्या पदरात. जॉर्ज यांनी सुचवलेला उपाय आपण जसाच्या तसा स्वीकारावा असे मी म्हणत नाही. त्यांचे निदान मात्र आजही खोटे ठरलेले नाही.

गोमंतकाला या बाबतीत स्वतःचा असा एक इतिहास आहे. आपल्याकडे जमिनीचा मोठा भाग गांवकारीच्या, पोर्तुगीज परिभाषेत कोमुनिदादीच्या, सामायिक मालकीचा होता. या संस्था पोर्तुगीजांच्या आगमनापूर्वीच्या आहेत. त्यांच्या रूढींची नोंद १५२६ सालच्या फोरालात झाली. शेते पावणीने, म्हणजे लिलावाने, ठरावीक मुदतीसाठी कसायला दिली जात. आलेल्या उत्पन्नातून बांध, मानशीची दारे, देवस्थान आणि इतर सामायिक खर्च भागवून उरलेली रक्कम गांवकरांमध्ये झोण म्हणून वाटली जाई. खाजन जमिनीचा बांध फुटला तर खारे पाणी सर्वांच्याच शेतात शिरणार, म्हणून ती जमीन एकट्याची मानणे व्यवहारतःही शक्य नव्हते. जमीन वापरावी, तिचे उत्पन्न खावे, पण तिच्या विक्रीवर श्रीमंत होऊ नये, हा या व्यवस्थेचा गाभा होता.

या व्यवस्थेचे गुणगान करताना तिची दुसरी बाजू झाकून ठेवणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. गांवकर सोडून इतरांना तिच्यात स्थान नव्हते, स्त्रियांना झोण नव्हती. खाजगी भाटांमध्ये तर भाटकाराच्या मर्जीवर मुंडकाराचे छप्पर अवलंबून असे. मर्जी फिरली की घर मोडले, अशी त्याची स्थिती होती. म्हणूनच मुक्तीनंतरच्या कायद्यांचे महत्त्व आहे. १९६४ साली कूळ कायदा आला. १९७५ च्या मुंडकार संरक्षण कायद्याने मुंडकाराला घरातून काढण्यास प्रतिबंध केला आणि घर व त्याभोवतीची थोडी जागा विकत घेण्याचा हक्क दिला. १९७६ साली, शशिकलाताई काकोडकर मुख्यमंत्री असताना, कूळ कायद्याच्या पाचव्या दुरुस्तीने कसणाऱ्याला जमिनीचा मालक मानले. पुढे १९९१ च्या जमीन वापर नियंत्रण कायद्याने, कूळ म्हणून मिळालेली शेतजमीन शेतीखेरीज अन्य कामासाठी वापरण्यास मनाई केली. या सर्व कायद्यांमागचा विचार एकच होता: जो जमिनीवर राहतो आणि जो ती कसतो, त्याचा हक्क पहिला. अनेक मुंडकारांची प्रकरणे मामलेदारांच्या कचेऱ्यांत वर्षानुवर्षे रेंगाळली, हे खरे; तथापि दिशा योग्य होती.

मग ही दिशा बदलली कशी? पर्यटन वाढले, विमानसेवा वाढली, देशातील मोठ्या शहरांत साठलेला पैसा गुंतवणुकीसाठी सुरक्षित जागा शोधू लागला आणि समुद्र जवळ असलेली जमीन त्याला मानवली. डिसेंबर २०२२ मध्ये मोपा येथील विमानतळाचे उद्घाटन झाले आणि पेडण्याच्या डोंगराळ, काजूच्या जमिनीकडेही व्यापाऱ्यांच्या नजरा वळल्या. परंतु खरी गोम याहून खोल आहे. शेतजमीन शेतजमीन म्हणून विकली तर तिला एक भाव मिळतो. तीच जमीन नकाशावर वसाहतीच्या रंगात आली की भाव कित्येक पटींनी चढतो. जमिनीवर एक फावडे पडलेले नसते, एक वीट रचलेली नसते; केवळ नकाशातला रंग बदललेला असतो. नगर नियोजनाच्या आणि महसुलाच्या कचेऱ्यांत होणारी ही रूपांतरणे हीच आपल्याकडील सट्ट्याची खरी खाण होय. बांधकामातला नफा त्या मानाने कष्टाचा आहे.

गोमंतकीय जनतेला हे उमगलेले नाही असे नाही. २००६ साली अधिसूचित झालेल्या प्रादेशिक आराखडा २०११ मध्ये फार मोठे क्षेत्र वसाहतीसाठी खुले होत आहे, हे ध्यानात येताच ‘गोवा बचाव अभियान’ उभे राहिले आणि जानेवारी २००७ मध्ये सरकारला तो आराखडा मागे घ्यावा लागला. अशिक्षित-सुशिक्षित, हिंदू-ख्रिस्ती, मराठीवादी-कोकणीवादी असे सगळे भेद विसरून लोक त्या वेळी नकाशे उलगडून बसले होते. मात्र पुढे संपूर्ण आराखड्याऐवजी एकेका भूखंडाचा विभाग बदलण्याची वाट कायद्यातच तयार झाली. २०१८ साली नगर नियोजन कायद्यात कलम १६-ब आले. २०२३ मध्ये आराखड्यातील ‘अनवधानाने झालेल्या चुका’ दुरुस्त करण्यासाठी कलम १७ (२) आले आणि २०२४ मध्ये कलम ३९-अ. कलम १७ (२) खाली केलेले नियम मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने मार्च २०२५ मध्ये रद्दबातल ठरवले आणि त्या कलमाच्या व्याप्तीलाही मर्यादा घातली. याच सुमारास, २०२३ मध्ये, भातशेतीची जमीन शेतकरी नसलेल्याला विकण्यावर निर्बंध घालणारा कायदाही झाला. एका हाताने दार लावायचे आणि दुसऱ्या हाताने खिडकी उघडी ठेवायची, असा हा प्रकार आहे. मी कोणत्याही एका पक्षाला दोष देत नाही. सत्तेवर कोणीही असो, ज्या सहीने जमिनीचे मोल दहापट होते, त्या सहीभोवती गर्दी जमणारच.

यावर एक आक्षेप नेहमी घेतला जातो, आणि तो विचारार्ह आहे. घरे कमी आहेत म्हणून महाग आहेत. अधिक जमीन खुली करा, अधिक घरे बांधू द्या, भाव आपोआप उतरतील, असे म्हटले जाते. घर घेणारा मुख्यतः त्याच गावात राहणारा असेल, तर हा युक्तिवाद बऱ्याच अंशी बरोबर ठरतो. पण गोव्याची स्थिती काय आहे? २०११ च्या जनगणनेत राज्याची लोकसंख्या १४ लाख ५८ हजार होती आणि सुमारे सव्वा लाख घरे रिकामी आढळली. म्हणजे दर पाच घरांमागे एकाहून थोडी अधिक. यांतली सगळीच घरे सट्ट्याची नव्हेत. काही वडिलोपार्जित आहेत. त्यांचे वारस मुंबई, आखाती देश, लिस्बन, लंडन असे विखुरलेले आहेत आणि वाटण्या अडलेल्या आहेत. तरीही ज्या प्रदेशात इतकी घरे कुलूपबंद आहेत, तिथे केवळ घरांची संख्या वाढवून राहणाऱ्याचा प्रश्न सुटेल असे मानणे धाडसाचे आहे. साडेचौदा लाखांच्या वस्तीपुढे साऱ्या देशाची गुंतवणुकीची भूक उभी आहे. ती भूक भागवण्याइतकी जमीन ३,७०२ चौरस किलोमीटरांच्या या भूमीत नाही.

घर बंद का ठेवले जाते, याचेही उत्तर मघाच्या हिशेबात आहे. शेकडा तीन भाड्यासाठी भाडेकरूची कटकट कशाला, असा मालकाचा विचार असतो. १९६८ च्या भाडेनियंत्रण कायद्याची धास्तीही काहींच्या मनात असते, म्हणून करार अकरा महिन्यांचेच होतात. जिथे घर उघडे असते, तिथे ते पर्यटकाला दिवसाच्या दराने मिळते. हंगामातल्या काही आठवड्यांत जे हाती येते, ते बारमाही भाडेकरूच्या कित्येक महिन्यांच्या भाड्याएवढे असते. मग ऑक्टोबर उजाडला की नोकरदार कुटुंबाने बिऱ्हाड हलवावे, अशी अपेक्षा केली जाते. मुले शाळेत जाणारी असतील तर त्यांनी काय करावे, हे कोणी विचारत नाही.

या भाववाढीची सर्वांत कडवट फळे वारसाहक्काच्या घरात पिकतात. आपल्याकडील नागरी कायद्याप्रमाणे मुलगा-मुलगी सर्व वारस आणि वडिलांची अर्धी मालमत्ता मृत्युपत्राने काढून घेता न येणारी. ही आपली न्याय्य परंपरा. पण इन्व्हेंतार न झालेल्या घरात जमिनीचा भाव शिरला की भावाभावांतली बोलणी थांबतात. दूरदेशीच्या एखाद्या वारसाकडून न विभागलेला हिस्सा विकत घ्यायचा आणि घरात राहणाऱ्यांना कोर्टाच्या पायऱ्या झिजवायला लावायचे, हा प्रकार आता नवा राहिलेला नाही. बनावट दस्तऐवजांनी मालमत्ता बळकावल्याच्या तक्रारी इतक्या वाढल्या की २०२२ मध्ये सरकारला विशेष तपास पथक आणि चौकशी आयोग नेमावा लागला. भाव चढतो तेव्हा केवळ घर महाग होत नाही. घरातल्या माणसांचे परस्परांवरचे भरवसेही पणाला लागतात.

आता नाजूक भागाकडे वळतो. ‘बाहेरचे’ आले आणि त्यांनी आमची भूमी घेतली, असे म्हणणे सोपे आहे. परंतु प्रत्येक खरेदीखतावर विकणाऱ्याचीही सही असते, आणि ती बहुधा आपल्यातल्याच कोणाची असते. शिवाय आपण स्वतः कोण होतो? पोटासाठी मुंबईला गेलेल्या गोमंतकीयांना धोबीतलावाच्या कुडांनी आणि गिरगावच्या चाळींनी आसरा दिला. तिथे आपण बाहेरचेच होतो. भारतीय नागरिकाला देशात कुठेही वसण्याचा अधिकार घटनेने दिला आहे. येथे येऊन राहणारा, मुलांना येथल्या शाळेत घालणारा माणूस हा आपला शेजारी होय, त्याची मातृभाषा कोणतीही असो. आक्षेप आहे तो न राहणाऱ्या मालकीवर. मग तो मालक दिल्लीचा असो वा आपल्याच वाड्यावरचा.

सट्ट्याचे चक्र कायम वरच फिरत नाही, हे मुंबईने फार पूर्वी पाहिले आहे. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे १८६१ नंतर कापसाचा पैसा मुंबईत धो धो आला आणि समुद्र हटवून जमीन काढणाऱ्या कंपन्या निघाल्या. बॅक बे कंपनीची जमीन अजून समुद्राखाली होती, पण तिचे शेअर दर्शनी किमतीच्या अनेक पटींनी हातोहात विकले जात होते. युद्ध संपले, कापूस घसरला आणि १ जुलै १८६५ रोजी, वायद्यांची पूर्तता करण्याच्या दिवशी, मुंबईच्या पेढ्या कोसळल्या. ज्यांनी सट्टा कधी केला नव्हता, अशांच्या ठेवीही बुडाल्या. फायदा थोड्यांचा आणि तोटा सर्वांचा, हा सट्ट्याचा जुना नियम आहे.

उपाय काय, असे विचाराल. इतरत्र झालेल्या प्रयत्नांवरून काही शिकता येईल. स्वित्झर्लंडमधील डोंगरी गावांचा प्रश्न आपल्यासारखाच होता. तेथे मार्च २०१२ मध्ये जनमत घेण्यात आले आणि ज्या गावात दुसऱ्या घरांचे प्रमाण शेकडा २० च्या वर आहे, तिथे अशी नवी घरे बांधण्यास मनाई झाली. कॅनडातील व्हँकुव्हर शहराने २०१७ पासून रिकाम्या घरांवर मूल्याच्या शेकडा १ कर बसवला आणि पुढे तो शेकडा ३ पर्यंत वाढवला. आपल्याच देशात हिमाचल प्रदेशाने १९७२ च्या कायद्याच्या कलम ११८ अन्वये, शेतकरी नसलेल्यांना परवानगीशिवाय जमीन घेण्यावर निर्बंध ठेवले आहेत. यांपैकी कोणताही उपाय निर्दोष नाही. बांधकाम थांबले तर गवंडी-सुतारांची चूल थंडावते, आणि परवानगी आली की तिच्या मागून परवानगीचा व्यापारही येतो.

आपल्यापुरते मला तीन गोष्टी आवश्यक वाटतात. एक, सलग बंद राहणाऱ्या घरावर चढता कर. मात्र वाटणीच्या वादात अडकलेल्या वडिलोपार्जित घरांना सवलत आणि ते वाद लवकर निकाली काढण्याची व्यवस्था. दोन, विभाग बदलल्यामुळे जमिनीचे मोल जेवढे वाढते, त्यातला मोठा वाटा त्याच गावाच्या सार्वजनिक निधीत जमा व्हावा. मोल सार्वजनिक निर्णयाने वाढले असेल तर त्यावर गावाचा हक्क आहे. तीन, गांवकारीच्या उरलेल्या जमिनींपैकी योग्य ती जमीन गावातल्या बेघरांना दीर्घ मुदतीच्या भाडेपट्ट्याने घरांसाठी द्यावी, पण विकू नये. घर राहणाऱ्याचे आणि जमीन गावाची, ही कल्पना आपल्या पूर्वजांना नवी नव्हती. फक्त या वेळी तिच्यात गांवकर आणि बिगर-गांवकर, पुरुष आणि स्त्री असा भेद नसावा.

हे सर्व सरकारने करायचे. मग ग्रंथालयाने काय करायचे? माझ्या मते पुष्कळ. विभागबदलाची सूचना राजपत्रात निघते. कलम ३९-अ खाली हरकती नोंदवण्यासाठी तीस दिवसांची मुदत ठेवलेली होती. राजपत्र कोण वाचतो? ज्याचा त्यात व्यवहार आहे तो. ज्याच्या विहिरीचे पाणी त्या निर्णयाने आटणार आहे, त्याला टेकडीवर यंत्र चढल्यावर कळते. १९१० मध्ये पोर्तुगालात प्रजासत्ताक आले आणि गोमंतकातल्या हिंदू समाजाला नागरी स्वातंत्र्याचा मोकळा श्वास मिळाला, तेव्हा आपल्या पूर्वसुरींनी ठिकठिकाणी शाळा आणि वाचनालये काढली. मनोरंजन हा त्यांचा एकमेव हेतू खचित नव्हता. आपल्या लोकांनी वाचावे, आपले हक्क जाणावेत, ही त्यांची तळमळ होती.

शताब्दीच्या या वर्षात आपल्या वाचनकक्षात एक कपाट या कामासाठी राखून ठेवावे, अशी माझी विनंती आहे. त्यात प्रादेशिक आराखड्याचे आपल्या तालुक्याचे नकाशे असावेत, गावाचा सर्व्हे नकाशा असावा, राजपत्राचे अंक क्रमाने लावलेले असावेत, मुंडकार आणि कूळ कायद्यांच्या मराठी प्रती असाव्यात. फॉर्म १ व १४ चा उतारा कसा वाचावा, हे समजावून सांगणारा एखादा निवृत्त तलाठी किंवा वकील सभासद महिन्यातून एक संध्याकाळ तिथे बसावा. प्रत्येक नव्या सूचनेतील सर्व्हे क्रमांक सोप्या मराठीत फळ्यावर लिहिला जावा. याला फार पैसा लागत नाही, नियमितपणा लागतो. आणि शंभर वर्षे दार उघडे ठेवणाऱ्या संस्थेकडे तो आहेच.

घराची किंमत पहिली वीट रचण्याच्या पुष्कळ आधी, एका कागदावर ठरते. तो कागद वेळेवर वाचणारी माणसे गावात असतील, तर घरे राहणाऱ्यांसाठी उरतील. आणि राहणारे उरले, तर या ग्रंथालयाला पुढच्या शंभर वर्षांचे वाचक मिळतील.